वहीची मागची पानं

घरखर्चाची वही पुढून उघडली की दूध, वाणी, इस्त्री, पेपर, मुलांची फी, भिशीचा हप्ता. तीच वही उलटी करून मागून उघडली की वेगळाच मजकूर लागतो. कुणाच्या तरी हळदीकुंकवाला ऐकलेला उखाणा, लिंबाच्या लोणच्याचं प्रमाण, स्वेटरच्या विणीचे टाके, धाकट्याला गोवर आला ती तारीख. आणि मध्येच, कुणालाही उद्देशून नसलेलं एखादं वाक्य. आज फार कंटाळा आला. किंवा, आईला जाऊन वर्ष झालं, घरात कुणाच्या लक्षात नाही. त्याच्या खाली पुन्हा मसाल्याचं साहित्य.

मराठी गृहिणीच्या मनाचा माग काढायचा तर या मागच्या पानांपासून काढावा, असं माझं मत आहे. तिला स्वतःबद्दल बोलायला अख्खं पान फार उशिरा मिळालं. तोवर तिने जे सांगायचं ते दुसऱ्या कशाच्या तरी कडेला सांगितलं: कामाच्या गाण्यात, देवाच्या अभंगात, नवऱ्याच्या आठवणीत, पाककृतीच्या वहीत. या कडेकडेच्या लिहिण्याचं एक घराणंच आहे, आणि ते कागदाच्या कितीतरी आधी सुरू होतं.

सुरुवात जात्यापाशी. पहाटे, घर झोपलेलं असताना, दोघीजणी समोरासमोर बसून एकच खुंटा धरून ओढायच्या. एका हाताने दाणे घालायचे, दुसऱ्याने ओढायचं, आणि जात्याच्या फेऱ्याला धरून ओवी. दगडाची घरघर एवढी की पलीकडच्या खोलीत शब्द नीट पोचत नाहीत. दिवसभरात सासुरवाशिणीला एवढा आडोसा दुसरीकडे कुठे मिळत नसे. साने गुरुजींनी ‘स्त्री-जीवन’मध्ये, सरोजिनी बाबरांनी लोकसाहित्य समितीच्या संग्रहांत, इंदिरा संतांनी ‘मालनगाथे’त या ओव्या जमवल्या. सर्वांत मोठं काम हेमा राईरकर आणि गी पॉइटेव्हिन यांनी पुण्याहून केलं. 1980 च्या दशकापासून हजाराहून अधिक गावांतून त्यांच्या सहकाऱ्यांनी लाखाच्या वर ओव्या उतरवून घेतल्या, पुढे बर्नार्ड बेल यांच्या साथीने त्यातल्या अनेक ध्वनिमुद्रितही केल्या. मला या संग्रहाचं विशेष वाटतं ते एका साध्या गोष्टीसाठी: ओवीबरोबर गाणारीचं नाव आणि गाव नोंदलेलं आहे. त्याआधी ओवी ‘लोकां’ची होती, म्हणजे कुणा एकीची नव्हती.

या ओव्यांत भाऊ येतो, माहेर येतं, विठोबा येतो, लेक सासरी जाते. नवऱ्याबद्दलची तक्रार मात्र सरळ फारशी येत नाही. ती सीतेच्या नावाने येते. सीतेचा वनवास, तिच्यावर घेतलेला संशय, गरोदरपणी तिला रानात सोडून येणं, यावर आपल्या बायकांनी रचलेल्या ओव्यांना अंत नाही. ज्या गोष्टी आपल्या घरात आपल्या तोंडाने काढता येत नव्हत्या, त्या सीतेच्या तोंडी घालून मोठ्याने म्हणता येत होत्या. पलीकडे झोपलेल्या सासूने ऐकलं तरी ते रामायणच. ओव्यांबद्दल लिहिताना ‘बायका मन मोकळं करत’ असं लिहिण्याची आपल्याकडे पद्धत आहे. मला ते पुरेसं वाटत नाही. मन मोकळं करायला रडलं तरी चालतं. इथे शब्द निवडलेले आहेत, यमक साधलेलं आहे, शेवटच्या चरणापर्यंत सांगायची गोष्ट राखून ठेवली आहे. ही रचना आहे, आणि रचणारीला आपण काय बोलतो आहोत हे पक्कं ठाऊक आहे.

सतराव्या शतकात शिऊरच्या बहिणाबाईंनी एक पाऊल पुढे टाकलं. त्या तुकारामांच्या शिष्या. गुरूचा अनुग्रह स्वप्नात झालेला. नवरा ब्राह्मण, आणि बायकोने शूद्राला गुरू मानावं हे त्याला सहन होईना. त्याने केलेली मारहाण, त्याचा घर सोडून जायचा बेत, त्याचं आजारपण, हे सगळं बहिणाबाईंनी आत्मचरित्रपर अभंगांत सांगितलं आहे. सांगताना कुठे आरडाओरडा नाही. उलट पतिव्रतेचा धर्म आणि विठोबाची ओढ या दोन्हींचा मेळ कसा घालायचा, याचा वाद त्या स्वतःशीच घालत राहतात. आजच्या वाचकाला त्यांनी नवऱ्याची बाजू समजून घेतलेली आवडत नाही. मला त्या वादातच त्यांची ओळख दिसते. देव हवा, गुरू हवा, आणि चूलही सोडायची नाही. या तीन गोष्टी एका अंगणात कशा राहतील याचं उत्तर त्यांना कोणत्याही पोथीत मिळालेलं नव्हतं, ते त्यांनी स्वतः शोधलं. तरीही हे आत्मकथन भक्तीच्या आडोशाने आलं. देवाचं नाव वर नसतं तर ते कुणी जपलं असतं का, अशी मला शंका आहे.

पुढे कागद आणि अक्षर आलं. अक्षर बाईच्या हाती कसं आलं याची सर्वांत हेलावणारी हकिकत मराठीत नाही, बंगालीत आहे. एकोणिसाव्या शतकातल्या राससुंदरी देवींनी ‘चैतन्य भागवता’चं एक पान काढून स्वयंपाकघरात लपवलं, मुलाने अक्षरं गिरवलेलं ताडपत्रही तसंच लपवून ठेवलं, आणि दोन्ही ताडून पाहत, चुलीवरचं सांभाळत, त्या गुपचूप वाचायला शिकल्या. मुलाबाळांनी भरलेलं घर, घूंघटातलं जगणं. त्यांचं ‘आमार जीबन’ हे बंगालीतलं पहिलं आत्मचरित्र मानलं जातं.

आपल्याकडे रमाबाई रानड्यांना अक्षर लपून शिकावं लागलं नाही, उलट ते नवऱ्यानेच हौसेने शिकवलं. 1873 साली लग्न झालं तेव्हा त्या अकरा वर्षांच्या आणि नवरा, न्यायमूर्ती महादेव गोविंद रानडे, एकतीस वर्षांचे. लग्नानंतर लगेच पाटी-पेन्सिल हाती आली, मग मराठी वाचन, मग इंग्रजी. पण घर एकट्या न्यायमूर्तींचं नव्हतं. माजघरात वडीलधाऱ्या बायका होत्या आणि त्यांच्या दृष्टीने सुनेने सभेला जाणं, इंग्रजी वाचणं म्हणजे घराची अब्रू वेशीवर टांगणं. रमाबाई दिवसा त्यांचं ऐकून घेत, कामाला कुठे कमी पडत नसत, आणि रात्री माडीवर धडा वाचत. एकाच घरात दोन शाळा चाललेल्या आणि दोन्हीकडे पास व्हायचं ओझं त्या मुलीवर. ‘आमच्या आयुष्यातील काही आठवणी’ वाचताना मला नेहमी माडीपेक्षा माजघर जास्त जिवंत वाटतं. तिथले टोमणे, तिथला अबोला त्यांनी बारकाईने टिपलाय, आणि टिपताना त्या बायकांना खलनायिका केलेलं नाही.

हे पुस्तक 1910 साली आलं. ते थांबतं कुठे? न्यायमूर्तींच्या मृत्यूपाशी, जानेवारी 1901 मध्ये. रमाबाई त्यानंतर तेवीस वर्षं जगल्या. पुण्याच्या सेवासदनाची उभारणी याच काळातली. मुलींच्या सक्तीच्या शिक्षणासाठी, स्त्रियांच्या मताधिकारासाठी त्यांनी केलेली खटपटही याच काळातली. त्यांचं स्वतःचं असं जे काही होतं ते बहुतेक सगळं 1901 च्या पुढचं, आणि त्याबद्दल त्यांनी स्वतःच्या आठवणी लिहिल्या नाहीत. नवरा गेल्यावर सांगण्यासारखं काही उरलं नाही, अशी या पुस्तकाची बांधणी आहे. म्हणून काही अभ्यासक त्याला पतिचरित्र म्हणून बाजूला सारतात. ते अन्यायाचं आहे. 1910 साली एका विधवेला स्वतःच्या बालपणाबद्दल, भीतीबद्दल, अभ्यासाच्या गोडीबद्दल छापील पुस्तकात बोलायचं होतं, आणि ज्या दारातून आत जायला कुणी हरकत घेणार नव्हतं त्या दारातून त्या गेल्या.

त्याच 1910 साली दुसरं एक दार उघडलं. लक्ष्मीबाई धुरंधर यांचं ‘गृहिणीमित्र अथवा एक हजार पाकक्रिया’ प्रसिद्ध झालं. मुखपृष्ठावर बाईचं नाव, आत एक हजार कृती, आणि त्या कृतींची जाणकार म्हणून ती स्वतः. इथे कुणाच्या पत्नीच्या नात्याने बोलावं लागलं नाही. साठ वर्षांनी, 1970 मध्ये, कमलाबाई ओगल्यांच्या ‘रुचिरा’ने हेच दार सताड उघडलं. कमलाबाईंनी वाटी आणि चमचा ही मापं धरली, आणि ‘अंदाजाने घाल’ म्हणून सासूकडून सुनेकडे जाणारं ज्ञान पहिल्यांदा परक्या गावी एकट्या पडलेल्या मुलीच्याही हाती लागलं. मी पाहिलेल्या बहुतेक ‘रुचिरां’च्या समासात पेन्सिलीने काहीतरी लिहिलेलं असतं. ‘साखर कमी’, ‘ह्यांना आवडलं नाही’, ‘मला आवडतं’. हा शेवटचा शेरा मला एका प्रतीत सापडला होता, भरल्या कारल्याच्या कृतीशेजारी. घरात एकटीलाच आवडणारी भाजी ती बाई कधी करत असेल, आणि कुणासाठी?

नवऱ्याच्या आडोशातून पहिल्यांदा मोकळेपणी बाहेर आल्या त्या लक्ष्मीबाई टिळक. ‘स्मृतिचित्रे’ 1934 पासून भागाभागाने आलं, लक्ष्मीबाई 1936 मध्ये गेल्या आणि शेवटचा भाग त्यांच्या पश्चात निघाला. शाळेचं शिक्षण नाही म्हणावं इतकंच. नवरा, रेव्हरंड ना. वा. टिळक, मोठा कवी, मनाचा राजा आणि घरातला बेभरवशाचा माणूस. न सांगता निघून जाणारा, हातातले पैसे कुणाला तरी देऊन मोकळा होणारा. हे पुस्तकही टिळकांभोवती फिरतं. फरक असा की लक्ष्मीबाई त्यांना हसतात. प्रेमाने, पण खणखणीत. नवऱ्याला छापील पानावर हसणारी गृहिणी मराठीने तोवर पाहिली नव्हती. वडिलांचं सोवळ्याचं वेड, बाहेरून घरात येणारी प्रत्येक वस्तू धुऊन घ्यायची त्यांची सक्ती, हेही त्यांनी तसंच सांगितलं आहे. त्या वेडाचं मूळ घरातल्या एका धक्क्यात होतं: 1857 च्या उठावानंतर लक्ष्मीबाईंच्या आजोबांना फाशी झाली. मुलीने बापाची चेष्टा केली आहे आणि त्याच्या भीतीला जागाही दिली आहे.

‘स्मृतिचित्रे’तला मला सर्वांत मोलाचा भाग धर्मांतराचा. 1895 साली टिळकांनी मुंबईत बाप्तिस्मा घेतला. बायको मागे राहिली, पुढची काही वर्षं दोघं वेगळी. जग बायकोने काय करावं हे सांगत होतं: माहेरचे एक, मिशनरी दुसरं, टिळक पत्रातून तिसरं. लक्ष्मीबाईंचं मन फिरलं ते यातल्या कुणाच्याही सांगण्याने नाही. कुणाच्या हातचं पाणी चालतं, कुणाच्या हातचं चालत नाही, या रोजच्या शिवाशिवीवर विचार करता करता, हा भेद देवाने केलेला असू शकत नाही या ठिकाणी त्या स्वतःच्या स्वतः येऊन पोचल्या. जात त्यांच्या मनातून आधी गेली, बाप्तिस्मा नंतर झाला. एका गृहिणीच्या मनातलं एवढं मोठं वळण, आणि ते घडलं पाण्याच्या भांड्यापाशी, कारण तिचं तत्त्वज्ञान करायचं ठिकाणच ते होतं.

ज्यांना लिहिता येत नव्हतं त्यांचं काय? 1951 च्या जनगणनेत देशातल्या बायकांमधलं साक्षरतेचं प्रमाण 8.86 टक्के होतं. त्याच वर्षी खानदेशात, जळगावला, बहिणाबाई चौधरी वारल्या. शेतात, घरात, जात्यावर त्या गाणी रचत आणि म्हणत, मुलगा सोपानदेव आणि जवळचे नातलग ती टिपून घेत. बहिणाबाईंच्या पश्चात सोपानदेवांनी ती आचार्य अत्र्यांना दाखवली, अत्र्यांनी ती छापायचा आग्रह धरला आणि 1952 मध्ये ‘बहिणाबाईंची गाणी’ आलं. कवी असलेला मुलगा घरात होता म्हणून हे वाचलं. ज्यांच्या घरी टिपून घेणारं कुणी नव्हतं त्यांची गाणी त्यांच्याबरोबर गेली. आणि गावात पिठाची गिरणी आल्यावर जातं माळ्यावर गेलं. मनगटं वाचली हे फार बरं झालं, पण पहाटेचा तो आडोसाही गेला.

त्याची जागा वहीने घेतली. स्वातंत्र्यानंतरच्या दोन पिढ्यांत चौथी-सातवी शिकलेल्या, मग मॅट्रिक झालेल्या मुली सुना होऊन शहरांत, कॉलन्यांत, चाळींत आल्या. नवऱ्याच्या ऑफिसातून वर्षअखेरीला डायऱ्या येत, विम्याच्या, बँकेच्या. मोठी नवऱ्याला, छोटी तिला. 1973 पासून भिंतीवर ‘कालनिर्णय’ आलं, आणि त्याच्या चौकोनांत घराची दैनंदिनी उतरू लागली: ‘दूध नाही’, ‘गॅस लावला’, ‘बाई आली नाही’, पाळीच्या तारखेवर एक बारीक ठिपका. आकाशवाणीच्या ‘वनिता मंडळा’त सांगितलेली कृती उतरवायला स्टुलावर पेन आणि कागद तयार असे. हे सगळं लिखाण कामाचं, म्हणून त्याला घरात कुणी हरकत घेत नव्हतं. वही घेऊन बसलेल्या बाईला ‘काय लिहितेस?’ असं विचारलं तर ‘हिशेब’ हे उत्तर नेहमीच खरं असे.

माझ्या एका मावशीची अशी वही मी पाहिली आहे. लांबट, लाल पुठ्ठ्याची, दोऱ्याने शिवलेली. पुढची पानं पेन्सिलीने, कारण रक्कम बदलत राही. मागची पानं शाईने. मागे वाचनालयातून आणलेल्या पुस्तकांची यादी आहे आणि प्रत्येक पुस्तकापुढे एकाच शब्दात निकाल: ‘बरं’, ‘पसरट’, ‘पुन्हा आणावं’. त्याच पानांवर एका गायनवर्गाचा पत्ता आणि महिन्याची फी, पंधरा रुपये, लिहून खाली रेघ ओढलेली. मग मी वही उलटवून पुढची पानं चाळली. एका जूनमध्ये, रॉकेल आणि इस्त्री यांच्यामध्ये, ‘गाणं 15’ अशी नोंद आली. जुलैतही आहे, ऑगस्टमध्येही, सप्टेंबरमध्येही. ऑक्टोबरात त्या ओळीवर मावसभावाच्या गणिताच्या शिकवणीचे पैसे आहेत. ‘गाणं’ पुन्हा कुठे नाही. मावशीने त्यावर एक अक्षर लिहिलेलं नाही, ना पुढे ना मागे. मला तिला या चार महिन्यांबद्दल विचारायचं होतं, पण वही हाती आली तेव्हा ती नव्हती. ती गात असे हे आम्हा कुणालाच ठाऊक नव्हतं. मावसभाऊ म्हणाला, आई गुणगुणायची कधीकधी.

गृहिणीने घराचा हिशेब पै-पैचा ठेवला, पण तिच्या स्वतःच्या कामाचा रकाना त्या वहीत कधी नव्हता. सरकारी वहीतही नव्हता. जनगणनेच्या कोष्टकात घरकाम करणारी बाई ‘काम न करणाऱ्यां’त धरली गेली. 2011 च्या जनगणनेत सुमारे सोळा कोटी बायकांनी घरकाम हा आपला मुख्य उद्योग सांगितला. 2019 च्या राष्ट्रीय वेळ-वापर सर्वेक्षणाने पहिल्यांदा एवढ्या मोठ्या प्रमाणावर घड्याळ लावून पाहिलं: घरकाम करणाऱ्या बायकांची त्यात दिवसाला सरासरी 299 मिनिटं जात होती, जे पुरुष घरकाम करत त्यांची 97. न्यायालयांपुढे हा प्रश्न बहुधा बाई गेल्यावरच येतो, अपघाताच्या भरपाईत. जमशेदपूरच्या 1989 मधल्या आगीच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने 2001 साली गृहिणीच्या कामाचं मोल महिना तीन हजार रुपये धरलं. जानेवारी 2021 च्या निकालात न्यायालयाने स्पष्ट म्हटलं की गृहिणीचं उत्पन्न धरायलाच हवं, तिचं काम म्हणजे काम नव्हे ही समजूत सोडायला हवी. हे चांगलं झालं. पण ज्या बाईच्या कामाची किंमत ठरली तिला ती कळली नाही.

मासिकांनी मागची पानं पुढे आणायचं काम केलं. 1930 साली किर्लोस्करवाडीहून ‘स्त्री’ निघालं आणि गावोगावच्या बायकांना छापील पानावर बोलायला जागा मिळाली. कुणी ‘सौ.’ लावून लिहीत, कुणी नुसत्या आद्याक्षरांनी. टोपणनाव ही त्या काळी चैन नव्हती. 1933 मध्ये ‘कळ्यांचे निःश्वास’ आलं तेव्हा मालतीबाई बेडेकरांनी ‘विभावरी शिरूरकर’ हे नाव घेतलं, आणि पुस्तकावर उठलेलं वादळ पाहता ते घेतलं म्हणूनच त्यांना निभावता आलं.

1982 मध्ये पुण्यात मंजुश्री सारडा या नवविवाहितेचा मृत्यू झाला. तिने बहिणीला आणि मैत्रिणीला लिहिलेली पत्रं पुढे खटल्यात आली. खालच्या न्यायालयांत पतीला शिक्षा झाली, सर्वोच्च न्यायालयाने 1984 साली त्याला निर्दोष ठरवलं. निकाल वाचताना मी पुन्हा पुन्हा थांबते ती त्या पत्रांपाशी. ती पुराव्यात घ्यायची की नाहीत, त्यातल्या कोणत्या वाक्याचा काय अर्थ लावायचा, यावर न्यायमूर्तींची पानंच्या पानं खर्च झाली आहेत. लिहिणारीने ती कायद्यासाठी लिहिली नव्हती, बहिणीसाठी लिहिली होती. विद्या बाळ आणि त्यांच्या मैत्रिणींनी ‘मी एक मंजुश्री’ नावाचं प्रदर्शन उभं केलं, त्या हालचालींतून नारी समता मंच उभा राहिला. विद्याताई तेव्हा ‘स्त्री’त होत्या, पुढे 1989 मध्ये त्यांनी ‘मिळून साऱ्याजणी’ सुरू केलं. त्यांच्या संपादनातलं सर्वांत मोठं काम मला हे वाटतं की ‘माझ्याकडे लिहिण्यासारखं काय आहे?’ असं म्हणणाऱ्या बाईला त्यांनी लिहायला बसवलं आणि ते छापलं.

‘स्त्री’मध्येच 1982 साली बेबीताई कांबळ्यांचं ‘जिणं आमुचं’ क्रमशः आलं, 1986 मध्ये पुस्तक निघालं. फलटणला नवरा-बायकोचं छोटं दुकान. माल बांधायला आणलेल्या रद्दीच्या कागदांवरचा मजकूर बेबीताई गिऱ्हाईक नसताना वाचत, आणि मग स्वतः लिहू लागल्या. लिहिलेलं घरच्यांच्या हाती लागू नये म्हणून अडगळीत, कुणाचा हात पोचणार नाही अशा कोपऱ्यांत ठेवत. असं वर्षानुवर्षं. अभ्यासक मॅक्सीन बर्नसन यांनी ते पाहिलं आणि छापायला लावलं. महार वस्तीतल्या बायकांचं बाळंतपण, उपास, अंगात येणं, आंबेडकरांच्या चळवळीने आलेली जाग, हे सगळं त्यात आहे आणि त्यात ‘मी’ कमी, ‘आम्ही’ जास्त. नवऱ्याच्या संशयाबद्दल आणि मारहाणीबद्दल बेबीताई बोलल्या त्या पुढे एका मुलाखतीत. पुस्तकात त्यांनी ते आणलं नाही, कारण समाजाचं दुःख सांगायला बसल्यावर आपलं एकटीचं पुढे करणं त्यांना बरोबर वाटत नव्हतं. म्हणजे वीस वर्षं लपवून लिहिलेल्या पुस्तकालाही मागचं एक पान होतंच. इथे ‘माणूस म्हणून मी कोण’ हा प्रश्न जातीच्या प्रश्नाला चिकटलेला आहे. लाल पुठ्ठ्याच्या वहीत पुस्तकांचे निकाल लिहिणाऱ्या माझ्या मावशीला तो त्या रूपात कधी पडला नाही, हेही इथे लिहून ठेवायला हवं.

रमाबाईंच्या पुस्तकानंतर बरोबर ऐंशी वर्षांनी, 1990 मध्ये, सुनीताबाई देशपांड्यांचं ‘आहे मनोहर तरी’ आलं. पुन्हा एका थोर, लाडक्या माणसाची, लेखक पु. ल. देशपांड्यांची, बायको. पुन्हा घर, हिशेब, हस्तलिखितं, पाहुणे सांभाळणारी. या वेळी ती नवऱ्याच्या मोठेपणासमोर आपला ताळेबंद मांडते: काय दिलं, काय मिळालं, काय राहून गेलं. पुलंवर माया करणाऱ्या अनेक वाचकांना ते दुखलं. घरातलं बाहेर कशाला, असं म्हणणारेही होते. मला त्यात रमाबाईंच्याच घरातली बाई दिसते, फक्त ती आता माडीवर बसून माजघराबद्दल आणि माडीबद्दलही लिहिते आहे.

अशी पुस्तकं हाताच्या बोटांवर मोजण्याइतकी. वह्या लाखो. बाई गेल्यावर घरात साड्या वाटल्या जातात, दागिन्यांची यादी होते, भांडी कुणाकुणाला जातात. वही कुणी मागत नाही, ती दिवाळीच्या आवराआवरीत रद्दीत जाते. मुंबईतल्या ‘स्पॅरो’ या संस्थेने 1988 पासून बायकांच्या आवाजांचा, छायाचित्रांचा, पत्रांचा संग्रह उभा केला आहे. चरित्रं लिहिली न गेलेल्या बायकांचं आयुष्य जपायला अशा जागा लागतात, आणि महाराष्ट्रात त्या फार थोड्या आहेत. जिल्हा ग्रंथालयांनी निदान आपापल्या भागातल्या पन्नास-पन्नास वह्या जमवल्या तरी 1950 नंतरच्या मराठी घराचा असा इतिहास हाती लागेल, जो कोणत्याही गॅझेटियरमध्ये नाही.

आता वही फोनमध्ये गेली आहे. ‘नोट्स’मध्ये किराण्याची यादी, तिच्याखाली एखादं वाक्य. काहीजणी स्वतःच्याच नंबरावर व्हॉट्सॲपचे निरोप पाठवतात. वहीला कुलूप नव्हतं आणि तरी ती कुणी उघडून पाहत नसे. फोनला कुलूप आहे, आणि घरातल्या सगळ्यांना पासवर्ड माहीत हवा असतो. शिवाय तीन-चार वर्षांनी फोन बदलतो, तेव्हा फोटो आठवणीने नव्या फोनवर घेतले जातात, नोट्स मागे राहतात. म्हणून ओळखीच्या बायकांना मी सांगत असते की त्यातलं थोडं तरी कागदावर उतरवून ठेवा. बऱ्याचजणी म्हणतात, त्यात काय एवढं आहे. आमच्या शेजारच्या काकूंनी मात्र गेल्या पाडव्याला नवी वही आणली आणि त्या रोज लिहितात, तारीख घालून, खाली पूर्ण नाव लिहून.